चौदा नंबर, ट्रायलिस्ट

रॅब पर्डीने उभं आयुष्य कपाळावर काढलं. हवेतून चेंडू येताना दिसला की बाकीचे खेळाडू अंग चोरायचे आणि रॅब कपाळ पुढे करायचा. सोळाव्या वर्षी तो कार्नमूर थिसल या आपल्या गावच्या फुटबॉल क्लबात आला, तेव्हा चेंडू कातड्याचे असायचे. पावसात ते पाणी पिऊन जड व्हायचे, आणि असला चेंडू डोक्याने परतवला की कानात थोडा वेळ चर्चच्या घंटा वाजत राहायच्या. रॅबला त्याचं काही वाटायचं नाही. उलट सराव संपून सगळे आंघोळीला पळाले की हा एकटाच भिंतीवर चेंडू आपटून डोक्याने परतवत बसायचा. गावाला त्याचं भारी कौतुक. कार्नमूरमध्ये अभिमान बाळगावा अशा दोनच गोष्टी होत्या, एक बंदर आणि दुसरं पर्डीचं डोकं. पुढे बंदर बंद पडलं.

मग शहरातल्या एका मोठ्या क्लबाने त्याला उचललं. तिथल्या उपांत्य सामन्यात त्याची भुवई फुटली, डोक्याला पट्टी बांधून तो पुन्हा मैदानात उतरला आणि त्याच पट्टीने, शेवटच्या घटकेला, चेंडू जाळ्यात घातला. पांढऱ्या पट्टीवर रक्ताचा डाग आणि खाली दात काढून हसणारा रॅब, हा फोटो अजून कार्नमूरच्या पबमध्ये बिअरच्या नळांवर लटकतो आहे. गुडघ्याने दगा दिला तेव्हा तो प्रशिक्षक झाला. चार क्लबांनी नेमलं, त्यातल्या तिघांनी काढलं. प्रशिक्षकाच्या धंद्यात याला बरी कारकीर्द म्हणतात. शेवटी थिसलनेच त्याला घरी बोलावलं. संघातली पोरं म्हणजे एक पोस्टमन, एक शाळामास्तर, दोघे मासळीच्या लॉरीवर, बाकीचे असेच कुठे कुठे. मंगळवारी आणि गुरुवारी सराव, शनिवारी मॅच. रॅबला याहून जास्त काही नको होतं.

पण हल्ली त्याचं काहीतरी चुकत होतं. चष्मा, किल्ल्या हे सगळ्यांचंच हरवतं. त्याचं मात्र वेगळंच काही हरवायला लागलं होतं. गोलरक्षकाला तो मध्येच 'टॅम' म्हणून हाक मारायचा, आणि तो जुना गोलरक्षक टॅम वारून बरीच वर्षं झाली होती. पोरं हसायची, म्हणून रॅबही हसायचा. मग नाताळाच्या आसपास एका मंगळवारी तो सरावाला म्हणून निघाला आणि किटबॅग खांद्यावर टाकून उभा राहिला तो सुपरमार्केटच्या दारात, ट्रॉल्यांच्या रांगेशी. थिसलचं जुनं मैदान तिथेच होतं. ते विकून गावाबाहेर नवं केलं त्यालाही जमाना झाला होता. ट्रॉल्या लावणाऱ्या माणसाने विचारलं, "काय रॅब, दूध संपलं वाटतं?" रॅबने वेळ मारून नेली. दोन लिटर दूध विकत घेतलं आणि गाडीत बसून बराच वेळ समोरच्या भिंतीकडे बघत राहिला.

बायकोपासून मात्र दूध लपवता आलं नाही. घरात आधीच दूध होतं. मोइराने खोदून खोदून विचारलं, आणि मग त्याला न विचारता डंडी शहरातल्या मेंदूच्या डॉक्टरांकडे सोमवारची वेळ घेऊन टाकली.

"मी जाणार नाही," रॅब म्हणाला. "एकदा त्यांनी कागदावर लिहिलं की संपलं. गिलीज मला संघाच्या बाकावर बसू देईल का? दुसऱ्या दिवशी क्लबचं जॅकेट परत मागेल." गिलीज म्हणजे क्लबचा अध्यक्ष. तो खाटीक होता आणि मॅचच्या दिवशी मैदानात विकल्या जाणाऱ्या मटन पाय, म्हणजे आत खिमा भरून भाजलेल्या छोट्या पेस्ट्र्या, त्याही त्याच्याच दुकानच्या.

"जॅकेट गेलं खड्ड्यात," मोइरा म्हणाली. "मला नवरा हवाय."

"नवरा आहे की. हा काय."

"आज आहे."

त्यावर रॅब चिडला, दार आपटून बाहेर गेला, पाऊस होता म्हणून परत आला, आणि शेवटी दोघांत करार झाला. शनिवारपर्यंत त्याने एकही घोळ घातला नाही, तर सोमवार रद्द. घातला, तर मुकाट्याने गाडीत बसायचं.

"आणि ठरवणार कोण घोळ झाला की नाही ते?" मोइराने विचारलं.

"मीच सांगेन. खोटं बोललोय का कधी तुझ्याशी?"

"दुधाच्या वेळी."

"ते सोडून."

शनिवारी इन्व्हरॅडीशी मॅच होती. इन्व्हरॅडी म्हणजे खाडीपलीकडचं गाव. तिथल्या माणसाला कार्नमूरचा माणूस रस्ता विचारणार नाही, हरवेल पण विचारणार नाही. त्यात थिसल गुणतक्त्यात तळाला. ही मॅच हरली तर गिलीज काय करेल ते सांगायला नको होतं. आणि नेमका गुरुवारच्या सरावात पुढच्या फळीतला एकुलता एक धड खेळाडू मांडी धरून खाली बसला.

"आता रे?" डोड म्हणाला. डोड हा रॅबचा सहायक. मिनीबस चालवायची, जर्सी धुवायच्या, घोटे बांधायचे आणि रॅबला उलट बोलायचं ही त्याची कामं. दोघे शाळेपासूनचे मित्र.

"काळजी करू नको. एक ट्रायलिस्ट बोलावतो," रॅब म्हणाला. "आणि हे गरम पाण्याचंही बघायला हवं कुणीतरी. पोरं गारठून मरतील." खेळाडूंच्या कपडे बदलायच्या खोल्यांचा बॉयलर आठवडाभर बंद होता.

ट्रायलिस्ट ही खालच्या फळीतल्या क्लबांची जुनी सोय. कुणीतरी ओळखीचा, ओळखीच्या ओळखीचा खेळाडू एखाद्या मॅचपुरता अजमावून बघायचा. ध्वनिक्षेपकावर त्याचं नाव सांगत नाहीत, नुसतं 'ट्रायलिस्ट' म्हणतात. नाव कळलं की दुसरा क्लब पळवणार, किंवा तो ज्यांच्याकडे आधीच बांधलेला आहे ते बोंब मारणार. म्हणून थिसलमध्ये शिरस्ता असा की ट्रायलिस्टला ज्याने बोलावलं त्यानेच त्याचं काय ते बघायचं, बाकीच्यांनी नाव-गाव विचारायचं नाही. स्वतः रॅब पहिली मॅच असाच खेळला होता. त्याची आई प्रेक्षकांतून ओरडली होती, "ट्रायलिस्ट कसला, रॉबर्ट आहे तो माझा!" आणि सगळं मैदान हसलं होतं.

शनिवारी रॅब मैदानावर पोचला तेव्हा समुद्रावरून आलेलं धुकं गोलपोस्टपर्यंत उतरलं होतं. ते बघत तो उभा होता आणि अचानक त्याला आठवलं. ट्रायलिस्ट! त्याने कुणालाच फोन केला नव्हता. केला होता का? शुक्रवार आठवून बघितला. शुक्रवारी काय केलं? गटार साफ केलं. की ते गेल्या शुक्रवारी? गुरुवारी सरावाहून घरी गेल्यावर काय केलं? चहा घेतला असेल. चहा रोजच घेतो. डोडला काय सांगायचं या विचारात तो पडला असतानाच डोड खोलीच्या दारातून ओरडला, "आला रे तुझा माणूस! अंगाने बरा दिसतोय. कुठून पैदा केलास?"

"आहे ओळखीतला," रॅब म्हणाला. तोंडातून निघून गेलं.

आत एक पंचविशीचा, रुंद खांद्यांचा, लाल केसांचा तरुण बाकाच्या टोकाला अंग आखडून बसला होता. पायाशी मोठी काळी बॅग. डोडने त्याला बूट घालायला लावले होते आणि चौदा नंबरची जर्सी मांडीवर ठेवली होती. रॅबने त्याच्याकडे नीट बघितलं. हा चेहरा त्याने जन्मात पाहिला नव्हता. चेहऱ्याचं एवढं काही नाही म्हणा, फोनवर चेहरा कुठे दिसतो.

"मिस्टर पर्डी?" तरुण उठून उभा राहिला. "मी इव्हर टॉश. तुम्ही एक वाजता यायला सांगितलं होतंत."

"मीच सांगितलं होतं?"

"हो. फोनवर. तुम्हीच ना ते?"

"हो हो. म्हणजे काय, मीच," रॅब म्हणाला. "मग… फोनवर सगळं बोलणं झालंच आपलं."

"झालं की. पण हे…" इव्हरने जर्सी उचलून दाखवली. "हे नव्हतं बोललो आपण."

"चौदा नंबर? अरे नंबराचं काय एवढं. खेळतोस ना?"

"खेळतो. रविवारी, खाणकामगारांच्या क्लबात. पुढे खेळतो." त्याने खालमानेने जर्सीवरून हात फिरवला. "मिस्टर पर्डी, मी खरंच घालू ही? माझे आजोबा तुमचे…"

"घाल, घाल," रॅब म्हणाला आणि बाहेर सटकला. अजून दोन वाक्यं झाली असती तर पितळ उघडं पडलं असतं.

बाहेर भिंतीला टेकून त्याने विचार केला. फोन करायचं विसरणं वेगळं. ते कुणीही विसरतं. गिलीज स्वतःच्या मुलीचा साखरपुडा विसरला होता. पण केलेला फोन? आवाज, वेळ, बोलणं, सगळं असं पुसलेल्या फळ्यासारखं जावं? म्हणजे मोइरा म्हणते ते खरं. म्हणजे सोमवार. रॅबला एकदम रडू आलं आणि स्वतःचाच राग आला. भिंतीपलीकडे पोरं गाणी म्हणत होती.

मॅच सुरू झाली तरी त्याचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. धुक्यात पलीकडची बाजू दिसत नव्हती. तिकडून ओरडा झाला की इकडच्यांनी समजायचं, काहीतरी झालं. एकदा असाच ओरडा झाला आणि डोडने कपाळावर हात मारला.

"कुणी घातला?" रॅबने विचारलं.

"त्यांनी घातला. दिसला नाही तुला?"

"तुला दिसला?"

"नाही. पण खेळ मध्यावर आलाय, म्हणजे गोल झालाच असणार. आणि आपण घातला असता तर आपली माणसं अशी मेल्यासारखी उभी राहिली असती का?"

मध्यंतरात रॅबने पोरांना सांगायला सुरुवात केली. डावीकडून खेळा, टॅमला आवाज द्या… गोलरक्षक बुटांच्या नाड्यांशी खेळायला लागला. डोड खाकरला आणि म्हणाला, "कोच म्हणतायत डावीकडून. कळलं ना? चौदा नंबर, तू उतर आता." पोरं भराभर बाहेर पडली. डोडने रॅबच्या हातात गरम मटन पाय दिली आणि त्याच्या जॅकेटची चेन गळ्यापर्यंत वर ओढली. रॅबला वाटलं, डोडने एवढं करायला नको होतं.

चौदा नंबर मात्र सुटल्यासारखा खेळला. त्याला डावपेच कळत नव्हते, सहकाऱ्यांची नावं कळत नव्हती, पण चेंडूमागे तो अशा हौसेने धावायचा की इन्व्हरॅडीचे बचावपटू वैतागले. शेवटाकडे डावीकडून उंच चेंडू आला. धुक्यातून तो एकदम, वरून, पडल्यासारखा आला. इव्हर दोन पावलं मागे सरकला आणि रॅबला कळलं, हा आता काय करणार. आयुष्यभर त्याने स्वतः तेच केलं होतं. बाकावरून तो उठला आणि त्याच्या घशाशी शब्द आले: डोक्याने नको! पायाने मार, बाबा, थांब, पडू दे खाली!

इव्हरने कपाळ पुढे केलं. तो ओला आवाज रॅबला कुठेही ओळखू आला असता.

एक-एक. बाकामागची म्हातारी माणसं एकमेकांच्या गळ्यात पडली. गिलीजने मटन पायचा ट्रे खाली टाकला. ध्वनिक्षेपकावरून निवेदन करणारी एल्सपेथ ओरडली, "कार्नमूर थिसलचा गोल! चौदा नंबर, ट्रायलिस्ट!" सगळे नाचत होते आणि थिसलचा प्रशिक्षक मात्र दोन बोटांनी स्वतःचं कपाळ चाचपत उभा होता. बरोबरी टिकली. इन्व्हरॅडीवाले शिव्या देत खाडीपलीकडे गेले.

खोलीत पोरं थंडगार पाण्याखाली किंचाळत होती. रॅब कोपऱ्यात बसून मोइराला कसं सांगायचं ते मनात जुळवत होता. तेवढ्यात इव्हर समोर आला. अंग पुसून त्याने आपले कपडे चढवले होते. कामाचा निळा डगला, खिशात टॉर्च. ती काळी बॅग त्याने उचलून बाकावर ठेवली तेव्हा आत लोखंड खणखणलं.

"मिस्टर पर्डी," तो म्हणाला, "आता बॉयलर बघू का?"

"काय बघू?"

"बॉयलर. मी त्यासाठीच आलो होतो ना."

नळाखालचा आरडाओरडा थांबला.

"अरे, मग तू प्लंबर आहेस?" डोडने विचारलं.

"हो."

"मग बोलला का नाहीस गाढवा!"

"तुम्ही बोलू कुठे दिलंत? दारातच विचारलंत, पायाचा नंबर काय म्हणून." इव्हर लाजला. "मला वाटलं माणूस कमी पडलाय. आधी मॅच, मग बॉयलर. आणि थिसलची जर्सी कुणी देत असताना नाही कोण म्हणेल हो?"

खोली अशी काही हसली की छताची धूळ पडली. पोस्टमन तर नागडाच जमिनीवर बसला. पण सगळ्यांत मोठ्याने हसला तो रॅब. त्याचा जीव भांड्यात पडला होता. त्याने डोडचे दोन्ही खांदे धरले.

"मी बोलावलंच नव्हतं त्याला! डोड, मी कुणालाच फोन केला नव्हता!"

"म्हणजे विसरलास?"

"साफ विसरलो!" लॉटरी लागल्यासारखं रॅबने सांगितलं. "पण बोलावलं नव्हतं, हे महत्त्वाचं! बॉयलरवाल्याला गिलीजने बोलावलं असणार, माझं नाव सांगून."

डोडने त्याच्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं. "असेल," तो म्हणाला आणि जर्सी गोळा करायला वाकला.

रॅब घरी गेला तो शीळ घालत. मोइरा स्वयंपाकघरात बटाटे आणि मांस एका भांड्यात शिजवत होती. कोटही न काढता त्याने सगळी गोष्ट सांगितली. धुकं, न दिसलेला गोल, बाकाच्या टोकाला बसलेला तो लाल केसांचा बिचारा, आधी मॅच मग बॉयलर. मोइरा आधी हसली. इव्हरचं बोलणं सांगताना तर डोळे पुसत हसली. मग तिचं हसू ओसरलं आणि ती भांड्यात नुसतीच पळी फिरवत राहिली.

"आणि मी वेड्यासारखा दिवसभर घाबरून," रॅब सांगत होता. "वाटलं, केलेला फोन विसरलो! म्हणजे बघ, सोमवारचं काही कारणच उरलं नाही. त्या पोराला बोलावलं गिलीजने."

मोइराने गॅस बंद केला.

"गिलीजने नाही," ती म्हणाली.

"मग कुणी?"

ती त्याच्यासमोर खुर्ची ओढून बसली. भिंतीवरचा फोन तिच्या डोक्यामागे होता. पिवळट पडलेला, वायरीला पीळ पडलेला.

"तू, रॅब. गुरुवारी. सरावाहून आलास, त्या तिथं उभा राहून फोन लावलास. हातात चहा होता. म्हणालास, पोरं गारठतायत, शनिवारी एक वाजता ये आणि पर्डीला विचार. त्याच्या आजोबांचं नाव निघालं तर म्हणालास, अरे, ते तर माझ्या प्रत्येक मॅचला यायचे. किती वेळ बोलत होतास. चहा गार झाला म्हणून मी दुसरा करून दिला."

रॅबने फोनकडे बघितलं. मग हातांकडे. गुरुवार शोधला. तिथे काहीच नव्हतं. चहा नव्हता, आवाज नव्हता, कुणाचे आजोबा नव्हते. नुसतं धुकं होतं, आणि त्यापलीकडे कुणीतरी ओरडत होतं म्हणून समजायचं की काहीतरी झालं असेल.

"मी सांगणार नव्हते," मोइरा म्हणाली. "आत्ता शीळ घालत आलास ना, तेव्हा ठरवलं होतं नाही सांगायचं. नाही जमलं."

रॅबने पुन्हा एकदा फोनकडे बघितलं.

"नीट बोललो होतो ना त्याच्याशी?" रॅबने विचारलं. "त्या पोराशी. चिडलो-बिडलो नव्हतो?"

"नाही रे. फार छान बोललास."

रॅबने मान हलवली. हळूहळू कोट काढला. आतल्या क्लबच्या जॅकेटची चेन अजून गळ्यापर्यंत ओढलेली होती, डोडने ओढली होती तशीच. ती त्याने उघडली, जॅकेट काढून खुर्चीच्या पाठीवर नीट घडी करून ठेवलं, मग खिशातून गाडीच्या किल्ल्या काढल्या. लग्न झाल्यापासून दोघं कुठेही निघाले तरी गाडी रॅबच चालवायचा. किल्ल्या त्याने टेबलावरून तिच्याकडे सरकवल्या.

"सोमवारी तू चालव," तो म्हणाला.